फँटसी कादंबरीसाठी संगीत आणि सृष्टीनिर्मितीचा देव कसा उभा करावा? त्याला नाव, वाद्य, शक्ती काय द्याव्यात?

तुम्ही लिहिलंय की तुमचा देव शून्यात वीणा घेऊन बसलाय, एक सूर लावतो आणि त्यातून जग होतं. शक्तींचं नंतर बघू. आधी ती वीणा कुणी केली ते सांगा. तारा कुठून आल्या, भोपळा कुठल्या वेलीचा?

हे खुसपट नाहीये. ह्याच प्रश्नावरून माझं आणि माझ्या मामेभावाचं गेली अकरा वर्षं वाजलेलं आहे.

आम्ही दोघांनी मिळून एक जग केलं होतं, मी नववीत आणि दादा बारावीला, दोनशेपानी वही, नकाशे, नद्यांची नावं, सगळं. त्यातल्या देवाचं नाव उमाळ. तो मी केला होता आणि त्याच्या मांडीवर मी घुमट, म्हणजे आमच्या गोव्यातलं मातीचं तालवाद्य, दिलं, कारण गणेश चवथीला आरतीत आजोंना वाजवताना बघतच मोठी झाले. मडक्याच्या रुंद तोंडावर कातडं, दुसरं अरुंद तोंड उघडं, एक हात कातड्यावर आणि दुसरा तळहात त्या उघड्या तोंडावर मिटत उघडत राहतो, तसा आवाज खोल जातो किंवा मोकळा होतो. उमाळचा तळहात मिटला की खडक होतो, उघडला की पाणी. एवढंच. मला अजूनही हे कुठल्याही वीणेपेक्षा खरं वाटतं.

पण खरी गोष्ट कातड्याची आहे. आजोंचं घुमट जुनं, घोरपडीच्या कातड्याचं. 1972 च्या वन्यजीव कायद्यानं ते बंद झालं आणि आता बकऱ्याचं लावतात, ते योग्यच आहे, त्यात मला वाद नाही. आमच्या घरी मात्र हे फार उशिरा झालं, बाबांनी एका चवथीच्या आधी जुनं कातडं काढून नवीन चढवून आणलं. त्या वर्षी आजोंनी घुमट हातात घेतलं नाही. रागावले असं सगळ्यांना वाटलं. मी जाऊन विचारलं तर म्हणाले, अगो, घोरपडीला मी पन्नास वर्षं नमस्कार करून वाजवलंय, ह्या बकऱ्याची अजून ओळख नाही झाली, जीव गेलाय त्याचा, लगेच कसा हात मारू? पुढच्या वर्षी वाजवलं.

त्या रात्री मी वहीत लिहिलं की उमाळवर कर्ज आहे. जग करायला त्यानं एका जनावराचं कातडं घेतलं, आणि म्हणून रोज तिन्हीसांजेला तो वाजवणं थांबवून त्या कातड्यावर डोकं टेकतो, आणि तेवढा वेळ आमच्या जगात कुणी जन्मत नाही. सुईणी दिवा लावून वाट बघतात.

दादानं वाचलं आणि म्हणाला, सृष्टीच नव्हती तर जनावर कुठून आलं? माती कुठून आली? मला उत्तर देता आलं नाही. मग तो पुण्याला गेला, तिथे आमच्या जगावर कथा लिहिली, एका स्पर्धेत बक्षीसही मिळालं, आणि त्यात उमाळ पांढऱ्या कपड्यातला गवई झालेला. मडकं नाही, कातडं नाही, संध्याकाळ नाही. मला न विचारता. फोनवर म्हणाला, देवानं गायलाच हवं, गळ्याला काही लागत नाही, आपल्या केरीच्या गायिका केसरबाई केरकरांची भैरवी नाही का अंतराळात गेली.

गेली, 1977 मध्ये, व्हॉयेजर अंतराळयानावरून. पण सोन्याचा मुलामा दिलेल्या तांब्याच्या तबकडीवर गेली. नुसता आवाज शून्यातून जातच नाही, त्याला हवा लागते नाहीतर तांबं लागतं, आणि तांबं कुणीतरी जमिनीतून खणून काढलेलं असतं. हे मला तेव्हा सुचायला हवं होतं.

मातीचं उत्तर मला मिळालं ते कुर्डीत. गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं गोव्यातलं गाव, साळावली धरणात बुडालेलं. मे महिन्यात पाणी उतरलं की घरांचे चौथरे वर येतात, देऊळ वर येतं, जुने गावकरी जमतात. दोन वर्षांपूर्वी मी तिथे भेगाळलेल्या चिखलात उभी होते आणि पायाशी एक खापरी होती, कुणाच्या तरी चुलीवरची, काजळी धरलेली. अरे, माती आधीच्या जगाची! आपल्या भाषेत गाण्यातली लय आणि सृष्टीचा लय एकाच शब्दात बसतात आणि मी ते इतकी वर्षं ऐकूनही ऐकलं नव्हतं. उमाळच्या आधी एक जग होतं, ते बुडालं, त्याच्या गाळातून त्यानं मडकं घडवलं, आणि त्या जगात उरलेलं शेवटचं जनावर त्याच्याकडे आलं. ते स्वतःहून आलं की त्यानं धरलं, ह्यावर आमच्या जगात दोन पंथ आहेत आणि लढाया झाल्यात.

दादाला तिथूनच फोन केला. म्हणाला, छान आहे पण वाचक कंटाळेल. दादा, तू हे वाचत असशील तर, नाही कंटाळणार.

तर तुम्हाला सांगायचं ते हे, देवाला वाद्य द्या आणि ते कशाचं केलंय, कुणाकडून घेतलंय हे आधी ठरवा, शक्ती त्यातूनच निघतील आणि त्याला काय जमत नाही तेही निघेल. वीणाच हवी असेल तर ठेवा, पण मग तो भोपळा ज्या वेलीवर धरला तिचं काय झालं ते लिहा. तुमचं जग बर्फाचं किंवा तरंगत्या बेटांचं असेल तर मातीचा हट्ट धरू नका, हाड, शंख, बांबू काहीही चालेल. आणि हो, विनोदी कादंबरी लिहीत असाल तर माझं अर्धं सोडून द्या.

नावाचं राहिलं. जड संस्कृत नाव नको. त्या जगातली दोन वर्षांची मुलं त्या वाद्याची तोंडानं नक्कल कशी करतील ते मोठ्यानं म्हणून बघा, आठदहा वेळा, घरात कुणी नसताना.