गाळा घेण्याआधी दोन संध्याकाळी उभा राहा

स्टेशनजवळचा गाळा डोळे झाकून घ्यावा, असं तुला सगळेच सांगतायत. थांब, टोकन देऊ नकोस. मीही ठाणे पश्चिमेला स्टेशनलगत फरसाणाचं दुकान टाकलं होतं. संध्याकाळी दारासमोरून माणसांचा लोंढा, पण प्रत्येकाची नजर रिक्षाच्या रांगेकडे. अकरा महिन्यांत गाळा सोडला आणि नौपाड्यात आतल्या गल्लीत आलो. तिथे भाजी घेऊन सावकाश परतणारी माणसं पिशवी ओट्यावर टेकवतात, चिवडा चाखतात, मग पाव किलो नेतात. भाडंही निम्मं.

वही घेऊन उभा राहा. किती गेले ते सोड, किती थांबले ते लिही.

'टॉप टेन फ्रँचायझी' असल्या याद्यांचंही तसंच, डोळे झाकून विश्वास ठेवू नकोस. जागतिक बँकेच्या व्यवसायसुलभतेच्या २०२० च्या क्रमवारीत भारत ६३ वा आला, केवढा गाजावाजा झाला! पुढे काही देशांच्या आकड्यांत गडबड सापडली आणि २०२१ मध्ये बँकेनेच ती क्रमवारी बंद केली. मग यादीतल्या फ्रँचायझी कोणी आणि कशावरून ठरवल्या, हे विचारायला लाजू नकोस. त्यातल्या दोन दुकानदारांना गाठ. भाडं, पगार जाऊन महिन्याला हातात काय उरतं, ते विचार.