बजेट नसताना कोल्हापुरात सररियल शॉर्टफिल्म कशी करावी, आणि ती लोकांना कळेल का?

प्रेमात पडलेला पोरगा, त्यात देवावरचा विश्वास डळमळायला लागलेला, आणि ते सगळं सररियल, म्हणजे स्वप्नासारख्या विचित्र पद्धतीनं दाखवायचंय, पण पब्लिकला कळणार का ही भीती, असंच ना? कळायचं सोडा ओ. १९२८ ला पॅरिसमध्ये जर्मेन द्युलाक या फ्रेंच दिग्दर्शिकेची 'द सीशेल अँड द क्लर्जिमन' लागली, त्यात एक पाद्री जनरलच्या बायकोपायी येडा झालेला, म्हणजे विषय जवळजवळ तुमचाच, आणि पहिल्याच शोला दंगा घातला तो सररियलिस्ट मंडळींनीच, पटकथा आधी त्यांच्यातच असलेल्या आर्तो या लेखकाची असून! ब्रिटिश सेन्सॉर तर म्हणालं की याला अर्थच नाही, आणि असलाच तर तो आक्षेपार्हच असणार.

तर धूर, स्लोमोशन, लाल लाइट असलं काय घालू नका, त्यानं आल्बमचं गाणं होतं. विचित्र गोष्ट लग्नाच्या व्हिडिओवाल्यासारखी सरळ, भर उजेडात काढायची. माया डेरेनची 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' (१९४३) बघाच, १४ मिनिटं फक्त, नवरा-बायकोनं मिळून स्वतःच्या घरात केलेली. त्यात ती सुरी घेऊन चालते, एक पाऊल वाळूत, पुढचं गवतात, मग रस्त्यावर, मग गालिच्यावर. बास, एवढंच, आणि अंगावर काटा येतो.

तुम्ही हेच रंकाळ्याच्या कट्ट्यावरनं पंचगंगा घाटाच्या पायरीवर आणि तिथनं डायरेक्ट त्याच्या आवडत्या पोरीच्या घरातल्या फरशीवर करा. फक्त चालायचा स्पीड, दिशा आणि फ्रेममध्ये पायाची साइज सेम पाहिजे, आणि सगळ्या कटवरनं कोल्हापुरीची करकर सलग चालू ठेवायची, जागा बदलली तरी आवाज तुटला नाही की डोकं आपोआप जोडून घेतं.

श्रद्धेचं म्हणाल तर पोराच्या तोंडी 'देव आहे का' हा डायलॉग अजिबात नको. एक वस्तू धरा. मी कुंकू घेतलं असतं. अंबाबाईला जाऊन आल्यावर बोटाला लागलेलं, नळाखाली कितीबी घासलं तरी पाणी लाल होत नाही, आणि सकाळी तेच कुंकू त्या पोरीच्या दाराच्या कडीला. त्याला पुसायचंय की ठेवायचंय हे त्यालाच कळंना, हाच तुमचा सगळा पिक्चर.

देवळाच्या आत कॅमेरा काढायच्या भानगडीत मात्र पडू नका, बाहेरचा बाजार पुरतोय. आणि चपलेचा आवाज घरी शांततेत, माइक पायाजवळ धरून वेगळा रेकॉर्ड करा, रंकाळ्यावर गाड्यांचे हॉर्न घुसतात.