ब्रिटिश कॅप्टन स्कॉटच्या दक्षिण ध्रुव मोहिमेतून जिवंत परतलेला चेरी-गॅरार्ड कोण होता? स्कॉटच्या मृत्यूला तो जबाबदार होता का?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो: नाही. पण त्याचं स्वतःचं मन हे उत्तर मानायला कधीच तयार झालं नाही.

अ‍ॅप्स्ली चेरी-गॅरार्डचा जन्म 1886 चा. सधन इंग्रज घर, ऑक्सफर्डचं शिक्षण आणि नजर फार अधू. 1910 मध्ये स्कॉटच्या 'टेरा नोव्हा' मोहिमेसाठी त्यानं एक हजार पौंड दिले आणि वयाच्या चोविसाव्या वर्षी साहाय्यक प्राणिशास्त्रज्ञ म्हणून निघाला.

जून 1911 च्या अखेरीस, अंटार्क्टिकाच्या ऐन हिवाळ्यात, तो मोहिमेतले सोबती विल्सन आणि बॉवर्स यांच्याबरोबर केप क्रोझियर या पेंग्विनांच्या वसाहतीच्या ठिकाणी गेला, एम्परर पेंग्विनची अंडी आणायला. हा पक्षी हिवाळ्यातच अंडी घालतो, आणि त्यातल्या भ्रूणात पक्षी व सरपटणारे प्राणी यांच्यातला दुवा सापडेल असं तेव्हा वाटत होतं. पारा उणे 60 अंश सेल्सियसपर्यंत उतरलेला, सूर्याचा पत्ता नाही, आणि वाफेनं गोठतो म्हणून चष्माही लावता येत नाही. एका सकाळी चेरीनं तंबूबाहेर येऊन नुसती मान वर केली, तर काही सेकंदांत अंगावरचे कपडे गोठून कडक झाले. मान खाली येईचना. चार तास त्यानं तशीच मान वर धरून स्लेज ओढली. त्यानंतर तिघंही बाहेर पडल्याबरोबर ओढायला वाकतात तसं वाकून राहायचे, म्हणजे कपडे त्याच बेतानं गोठत. पुढे वादळात तंबूच उडाला; तो पुन्हा सापडला म्हणून जीव वाचले. पाच अंडी मिळाली, त्यातली दोन चेरीच्या हातमोज्यांत फुटली.

आता तुमचा मुख्य प्रश्न. मार्च 1912 मध्ये, ध्रुवावरून परतणाऱ्या स्कॉटला भेटायला, चेरी कुत्रे हाकणाऱ्या दिमित्रीसह कुत्र्यांच्या गाड्या घेऊन 'वन टन' डेपोवर (वाटेतल्या अन्नसाठ्यावर) पोचला आणि 10 तारखेपर्यंत थांबला. कुत्रे जपायचे, अशी सूचना होती. डेपोत त्यांचं खाणं नव्हतं, सहापैकी चार दिवस हवा इतकी वाईट की प्रवास अशक्य, दिमित्री आजारी. स्कॉट तेव्हा 60 मैलांहून अधिक दूर होता, आणि हे चेरीला कळायला कुठलाच मार्ग नव्हता. तो परतला. नोव्हेंबरमध्ये शोधपथकाला स्कॉटचा तंबू सापडला तो त्याच डेपोपासून अवघ्या 11 मैलांवर. आत स्कॉटबरोबर विल्सन आणि बॉवर्स मृतावस्थेत होते, चेरीचे अंड्यांच्या प्रवासातले दोघं सोबती. त्या पथकात चेरीही होता. हे वाचताना मला आजही पुढे जाववत नाही.

'मी आणखी पुढे गेलो असतो तर' हा विचार त्याला जन्मभर छळत राहिला. पहिल्या महायुद्धात फ्लँडर्सला गेला, आजारी पडून परतला, नैराश्याचे झटके येत राहिले. मोहिमेचा अधिकृत वृत्तांत लिहायचं काम मोहिमेच्या समितीनं त्याला दिलं होतं. पण हात बांधून लिहायला तो तयार नव्हता. शेजारी राहणाऱ्या नाटककार बर्नार्ड शॉनं धीर दिला, आणि 1922 मध्ये 'द वर्स्ट जर्नी इन द वर्ल्ड' स्वतंत्रपणे प्रसिद्ध झालं. 1939 मध्ये त्यानं लग्न केलं. 1959 मध्ये वारला.

पुस्तक दोन खंडांचं आहे. दडपण येत असेल तर हिवाळी प्रवासाच्या प्रकरणापासून सुरुवात करा. सोबत्यांच्या रोजनिश्यांतले उतारे अजिबात गाळू नका. स्वतःची बाजू मांडण्यापेक्षा त्यानं त्यांनाच जास्त बोलू दिलं आहे.