‘सेट डेकोरेटर’ला मराठीत काय म्हणावे?

नागपूरच्या प्रतापनगरातील एका वाचकांचा प्रश्न असा आहे : त्यांची मुलगी मुंबईत चित्रपटांसाठी ‘सेट डेकोरेटर’ म्हणून काम करते, शाळेच्या स्मरणिकेत तिचा परिचय छापायचा आहे, तर तेथे ‘नेपथ्यकार’ लिहावे की ‘सजावटकार’? नुसते ‘डेकोरेटर’ म्हटले की नातेवाइकांना तिचे बिछायत केंद्र आहे असे वाटते, ही त्यांची अडचण. नागपुरात ती खरीच आहे, कारण आपल्याकडे मंडप, गाद्या आणि खुर्च्या भाड्याने देणाऱ्यांच्या पाट्यांवर ‘बिछायत’ आणि ‘डेकोरेशन’ हे शब्द जोडीनेच नांदतात.

आधी ‘नेपथ्य’ पाहू. संस्कृतात या शब्दाचे दोन अर्थ ठळक आहेत : नटाचा वेश आणि पडद्यामागील जागा. शाकुंतलाच्या आरंभी सूत्रधार नटीला म्हणतो, ‘आर्ये, यदि नेपथ्यविधानमवसितम्, इतस्तावदागम्यताम्’, म्हणजे वेशभूषा आटोपली असेल तर इकडे ये. हिंदीत आजही ‘नेपथ्य में’ म्हणजे पडद्याआड, आणि दोन्ही भाषा कानावर असलेल्या नागपूरकराचा येथे गोंधळ होणे स्वाभाविक आहे. मराठी रंगभूमीने मात्र वेशाला ‘वेशभूषा’ हा वेगळा शब्द वापरून ‘नेपथ्य’ हा शब्द रंगमंचावर उभ्या केलेल्या दृश्यरचनेला दिला. त्यामुळे नेपथ्यकार म्हणजे भिंती, दारे, पायऱ्या यांची योजना करणारा. चित्रपटात त्याच्या जवळचे पद कलादिग्दर्शकाचे किंवा प्रॉडक्शन डिझायनरचे. सेट डेकोरेटरचे नव्हे.

फरक एका उदाहरणाने स्पष्ट होईल. मे महिन्यातील नागपूरचे घर दाखवायचे आहे. खिडकी कुठे आणि केवढी, हे कलादिग्दर्शक ठरवतो. त्या खिडकीत कोणता कूलर बसवायचा, त्याचा पत्रा किती गंजलेला, वाळ्याच्या ताट्या नव्या की काळवंडलेल्या, खाली भिंतीवर ओघळाचा डाग कुठवर उतरलेला, शेजारच्या स्टुलावर माठ की प्लास्टिकचा जार, हे सारे सेट डेकोरेटरचे काम. आणि पात्र ज्या बादलीने कूलरमध्ये पाणी ओतते, ती हाताळली जाणारी वस्तू म्हणून प्रॉपर्टीवाल्यांकडे, म्हणजे अशा वस्तू सांभाळणाऱ्यांकडे जाते. शिवाय आज चित्रित झालेल्या प्रसंगाचा पुढचा भाग महिन्याने चित्रित होणार असेल, तर प्रत्येक वस्तू नेमक्या जागी परत यावी म्हणून छायाचित्रे काढून ठेवावी लागतात.

हे काम आपल्याकडे बहुधा कलादिग्दर्शकाच्या सहायकांच्या हातून होत आले, म्हणून त्याला मराठी नाव रुजले नसावे. अमेरिकेत त्याला वेगळे स्थान आहे. 1983 च्या ऑस्कर समारंभात ‘गांधी’च्या वेशभूषेसाठी कोल्हापूरच्या भानू अथैया यांना पुरस्कार मिळाला, हे आपल्याला पाठ असते, त्याच चित्रपटाच्या कलादिग्दर्शनाच्या पुरस्कारात स्टुअर्ट क्रेग आणि रॉबर्ट लेंग यांच्या जोडीला मायकेल सीर्टन यांचे नाव आहे आणि ते सेट डेकोरेशनसाठी आहे. 2012 मध्ये त्या विभागाचे नाव बदलून ‘प्रॉडक्शन डिझाइन’ झाले, तरी पुरस्कार आजही प्रॉडक्शन डिझायनर आणि सेट डेकोरेटर या दोघांत वाटला जातो.

‘सजावट’ मला येथे पटत नाही. तो शब्द मखराला, रुखवताला शोभतो, कारण त्यात सुंदर करण्याचा हेतू गृहीत आहे. वरच्या उदाहरणातील ओघळाचा डाग सजावटीत बसत नाही. ‘मांडणी’ मात्र सुंदर-कुरूपाचा निवाडा न करता वस्तूला तिची जागा देते. स्वयंपाकघरातील भांड्यांच्या फळीला आपण मांडणी म्हणतो, पुस्तकाचीही मांडणी असते आणि ‘मांडणशिल्प’ (इन्स्टॉलेशन) हा शब्द कलाक्षेत्रात स्थिरावला आहे. तेव्हा ‘दृश्यमांडणीकार’ हा शब्द वापरावा, असे मी सुचवेन. तो स्त्री-पुरुष दोघांनाही चालतो.

शब्द नवा असल्याने स्मरणिकेत पहिल्या वेळी ‘चित्रपटांच्या दृश्यमांडणीकार (सेट डेकोरेटर)’ असे लिहावे आणि पुढे नुसते ‘दृश्यमांडणीकार’. जागा असेल तर तिने मांडलेल्या एखाद्या खोलीचे वर्णन दोन ओळींत जरूर द्यावे.