वाचकांचे प्रश्न : नव्याचा सण, दसरा आणि आश्विनातला चंद्र

प्रश्न : माझे आजोळ अलिबाग तालुक्यातले. तिथे शेजारी बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या मराठी भाषक ज्यू समाजातले, कुटुंब होते आणि भाद्रपद-आश्विनाच्या सुमारास त्यांच्याकडे ‘नव्याचा सण’ व ‘दारफाळणीचा सण’ होत असे. २०२४ आणि २०२५ या दोन्ही वर्षी ज्यूंचा उपवासाचा मोठा दिवस दसऱ्याच्याच तारखेला आला, असे नुकतेच लक्षात आले. हा निव्वळ योगायोग, की त्यांनी कोकणात राहून आपल्याकडून काही उचलले?

उत्तर : आपण म्हणता त्या तारखा बरोबर आहेत. २०२४ मध्ये १२ ऑक्टोबरला आणि २०२५ मध्ये २ ऑक्टोबरला दसरा व योम किप्पूर, म्हणजे ज्यूंचा तो उपवासाचा दिवस, एकत्र आले. मात्र यात उचलेगिरी कोणाचीच नाही, आणि त्याला केवळ योगायोग म्हणणेही पुरेसे नाही.

ज्यूंची कालगणना आपल्या पंचांगाप्रमाणेच चांद्र-सौर आहे. तिथेही महिना अमावास्येनंतर सुरू होतो आणि चंद्राचे वर्ष सूर्याच्या वर्षाशी जुळवून घेण्यासाठी अधूनमधून एक महिना वाढवला जातो. वसंतातल्या निसान महिन्यापासून मोजल्यास तिश्री हा सातवा महिना. आपल्याकडे चैत्रापासून सातवा आश्विन. तिश्रीच्या पहिल्या दिवशी रोश हशाना, म्हणजे बेने इस्राएलांचा नव्याचा सण, असतो आणि दहाव्या दिवशी योम किप्पूर, म्हणजे दारफाळणीचा सण. तिश्री आणि आश्विन एकत्र चालले की घटस्थापनेच्या आसपास त्यांचे नवे वर्ष लागते आणि दशमीच्या सुमारास उपवास येतो. ज्यूंचा दिवस सूर्यास्ताला सुरू होत असल्याने उपवास आदल्या संध्याकाळीच धरला जातो, एवढा फरक लक्षात ठेवावा.

परंतु ही जोडी दर वर्षी जमत नाही. ज्यू गणनेत १९ वर्षांत ७ अधिक महिने ठरलेले असतात आणि वाढीव महिना नेहमी अदार महिन्याच्या वेळी, फेब्रुवारी-मार्चच्या सुमारास, घातला जातो. आपला अधिक मास मात्र ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत होत नाही त्या मासाला मिळतो. त्यामुळे तो कधी श्रावणाला, कधी ज्येष्ठाला लागतो. २०२६ मध्ये अधिक ज्येष्ठ आला आणि ज्यूंचा वाढीव महिना त्यानंतरच्या वसंतावर गेला, म्हणून त्या वर्षीचे योम किप्पूर २१ सप्टेंबरला, गणेशोत्सवाच्या दिवसांत येते आणि दसरा त्याच्या जवळजवळ महिनाभर मागे राहतो. पुढच्या वर्षी दोन्ही गणना पुन्हा शेजारी येतात.

कोकणचा ठसा शोधायचाच असेल तर तो तारखांत नव्हे, ताटात शोधावा. हाईम सॅम्युएल केहीमकर यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आपल्या समाजाचा जो इतिहास लिहिला, त्यात ‘खिरीचा सण’ नोंदवलेला आहे : नव्या धान्याची, नारळाच्या रसातली गोड खीर करून, धूप जाळून, प्रार्थना म्हणून ती खायची. हळवे भात हाताशी येण्याचे हे दिवस. आपल्याकडेही याच सुमारास भाताच्या लोंब्या दारावर बांधून ‘नवे’ केले जाते. किहीम, नवगाव, पेण, रोहे या गावांवरून ज्यांची आडनावे पडली आणि शनिवारी घाणा बंद ठेवत म्हणून गाव ज्यांना शनिवार तेली म्हणे, त्यांच्या सणाला भाताचा वास लागणारच.

गंमत अशी की ऋतू मात्र उलटा आहे. इस्राएलच्या भूमीत तिश्री येतो तेव्हा लांबलचक कोरडा उन्हाळा संपत आलेला असतो आणि लोक पहिल्या पावसाची वाट पाहत असतात. या सणांच्या अखेरीस, तिश्रीच्या २२ तारखेपासून, प्रार्थनेत पाऊस पाडणाऱ्या देवाचे स्तवन सुरू होते आणि जगभरचे ज्यू ते करतात. रायगडच्या शेतकऱ्याला त्या वेळी एकही सर नको असते, कारण भात कापणीला आलेले असते.

प्रश्न : नवे वर्ष म्हटले की गोडधोड आणि जल्लोष. मग यांच्या नव्या वर्षापाठोपाठ उपवास आणि पश्चात्ताप कशासाठी?

उत्तर : गोडधोड तिथेही आहे, रोश हशानाला मधात बुडवलेले सफरचंद खाण्याची चाल ज्यूंमध्ये सर्वदूर आहे. परंतु नव्या वर्षाच्या आधीच्या एलूल महिन्यात पहाटे उठून क्षमायाचनेच्या प्रार्थना म्हटल्या जातात, रोश हशानाला मेंढ्याच्या शिंगाचे शोफार फुंकले जाते आणि तेथून योम किप्पूरपर्यंतचे दहा दिवस आत्मपरीक्षणाचे मानले जातात. शेवटचा उपवास सुमारे २५ तासांचा, पाण्याशिवाय, असतो. बेने इस्राएल त्या दिवशी पांढरी वस्त्रे नेसून, घराची दारे लावून आत राहत.

माझ्या मते या दहा दिवसांतला सर्वांत कठीण भाग उपवासाचा नाही. मिश्ना या ज्यूंच्या प्राचीन धर्मनियम-संग्रहातील योमा या प्रकरणात स्पष्ट नियम आहे : माणूस आणि देव यांच्यामधले अपराध योम किप्पूरने धुतले जातात, पण माणसाने माणसाचा केलेला अपराध, त्या माणसाची समजूत घातल्याखेरीज धुतला जात नाही. परंपरेने याचा व्यवहारही ठरवून दिला आहे. समोरचा मानला नाही तर तीनदा जावे. मनापासून मागितलेली क्षमा त्यानेही अडवून धरू नये. म्हणजे देवासमोर उभे राहण्याआधी भावाकडे, भाडेकरूकडे, ज्याचे पैसे थकवले त्या दुकानदाराकडे जाणे आले. याच हंगामात आपल्या शेजारच्या जैन घरांतही पर्युषणानंतर एकमेकांची क्षमा मागतात. आपल्या पितृपक्षात आपण गेलेल्यांचे ऋण आठवतो, ते योग्यच. पण ज्यांच्याशी अबोला धरला ते हयात नातेवाईक त्या यादीत क्वचितच येतात, असे मला वाटते.

प्रश्न : आमच्या सोसायटीत एक बेने इस्राएल आजी एकट्या राहतात. या दिवसांत त्यांना फराळाचे ताट नेऊन द्यावे का?

उत्तर : नव्याच्या सणाला अवश्य भेटायला जावे; ‘शाना तोवा’ (नवे वर्ष चांगले जावो) म्हटलेत तर त्यांना आनंद होईल. आहाराचे त्यांचे नियम आधी विचारून घ्यावेत; फळे नेणे सोपे. दारफाळणीच्या दिवशी मात्र ताट नेऊ नये, बेलही वाजवू नये. दुसऱ्या दिवशी, ज्याला जुनी मंडळी शिळा सण म्हणत, भेटीगाठी आणि दानधर्म करण्याची त्यांच्यात रीत होती, तेव्हा त्या दिवशी संध्याकाळी जावे.