दादा कोंडके म्हणजे नुसते द्वयर्थी संवाद, की नव्या विनोदी दिग्दर्शकाने त्यांच्याकडून खरंच काही शिकावं?

आधी प्रश्नातला तो ‘नुसते’ काढून टाका. ज्या माणसाच्या नऊ चित्रपटांनी रौप्यमहोत्सव केला आणि त्याची नोंद गिनीज बुकात झाली, त्याला ‘चावट संवादवाला’ म्हणून निकालात काढणं हा निव्वळ आळस आहे. चावटपणा ऐकायला माणूस एकदा येतो. रौप्यमहोत्सवासाठी 25 आठवडे थिएटर भरायचं तर बायकामुलं, म्हातारेकोतारे सगळे यावे लागतात.

दुसरी चूक म्हणजे ‘सोंगाड्या’पासून त्यांना दिग्दर्शक समजणं. 1971 च्या ‘सोंगाड्या’त दादा निर्माते आणि नायक होते, दिग्दर्शन गोविंद कुलकर्णींचं होतं. त्याआधी 1969 मध्ये भालजी पेंढारकरांच्या ‘तांबडी माती’त ते पडद्यावर आले. स्वतः दिग्दर्शनाची सूत्रं घेतली ती 1975 ला, ‘पांडू हवालदार’मध्ये. म्हणजे वयाची चाळिशी उलटल्यावर. तुम्हाला पहिल्याच वर्षी दिग्दर्शक व्हायचं असेल तर हे लक्षात असू द्या.

सिनेमात येण्याआधी ते काय शिकले, खरी गोम तिथे आहे. गिरणगावात वाढलेला हा माणूस सेवा दलाच्या कलापथकातून पुढे आला आणि वसंत सबनिसांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’ या लोकनाट्यात हवालदार झाला. वगात, म्हणजे तमाशातल्या नाट्यात, संहिता म्हणजे सांगाडा. बतावणी, म्हणजे त्यातली विनोदी बोलाचाली, मोकळी असते, त्या दिवशीची बातमी, समोरचं गाव, पहिल्या रांगेतला पुढारी, सगळं तिथल्या तिथे आत घेता येतं. तीच एंट्री शेकडो वेळा, दर वेळी वेगळ्या प्रेक्षकांपुढे केली की हशा कुठे फुटतो, किती टिकतो आणि ओसरायला लागल्यावर पुढचं वाक्य कधी टाकायचं हे अंगात भिनतं. सेटवर प्रेक्षक नसतो. तिसऱ्या टेकला लाइटवालाही हसायचा थांबतो. तिथे हे माप अंगातच असावं लागतं, मॉनिटरवर ते दिसत नाही.

आता द्वयर्थी संवादाचं यंत्र बघा. ‘अंधेरी रात में दिया तेरे हाथ में’ हे त्यांच्या हिंदी चित्रपटाचं शीर्षक घ्या. ‘दिया’ म्हणजे दिवा, आणि ‘दिलं’सुद्धा. कागदावर फक्त दिवाच आहे, दुसरा अर्थ ऐकणाऱ्याच्या डोक्यात तयार होतो. हे चालायला बोलणाऱ्याला पहिल्या अर्थाची खरोखर गरज हवी. त्याला दिवाच हवा असला पाहिजे. दादांची गुडघ्यापर्यंतची ढगळ चड्डी, लोंबणारी नाडी आणि भाबडा चेहरा यांचं काम तेच. पडद्यावर त्यांची आई, म्हणजे ‘आये’, झालेल्या रत्नमालांचं कामही तेच: आई शेजारी उभी असली की पोरगा निरागस आहे यावर प्रेक्षकाचा विश्वास बसतो. नक्कल करणाऱ्यांनी दुसरा अर्थ तेवढा उचलला आणि आईला चित्रातून काढून टाकलं. मग उरतो तो फक्त ओंगळपणा, आणि त्याचं बिल दादांच्या नावावर फाडलं जातं. याची मला मनापासून चीड आहे.

करून बघायचं असेल तर कळीचा शब्द वाक्याच्या अगदी शेवटी ठेवा. त्यानंतरचं सगळं हशात बुडतं. बोलणारा आणि ऐकणारा एकाच फ्रेममध्ये ठेवा, कारण हसू ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर फुटतं. बोलणाऱ्याच्या क्लोजअपवर कट मारलात की त्याला सगळं कळतंय असं वाटतं आणि गंमत मरते. वाक्यानंतर दोन-तीन सेकंद संवाद नको, पण मोकळी जागाही नको. नाडी सावरणं, टोपी झटकणं असं काहीतरी चालू राहू द्या. थिएटर भरलेलं असेल तर हशा तिथे मावतो, रिकामं असेल तर ती जागा ओकीबोकी वाटत नाही.

आणखी एक. ‘पांडू हवालदार’मध्ये अशोक सराफांना किती जागा दिली आहे ते बघा. नायक-दिग्दर्शकाने दुसऱ्याला हशे घेऊ देणं सोपं नसतं. संगीतकार म्हणून राम-लक्ष्मण या जोडीची सुरुवातही तिथलीच. नायिका उषा चव्हाण तर ‘सोंगाड्या’पासूनच सोबत होत्या. माणसं टिकवली की टायमिंग दर वेळी नव्याने बसवावं लागत नाही.

हेही सांगायला हवं की पुढच्या काळात, विशेषतः हिंदीत, हे यंत्र उघडं पडलं. भाबडेपणा झिजला आणि बाईपात्र निव्वळ निमित्त होऊन बसलं. त्याचं समर्थन मी करणार नाही. कॅमेऱ्याची भाषाही त्यांच्याकडून शिकू नका, ती दुसरीकडे शिका.

आधी असिस्टंट व्हावं की थेट शॉर्टफिल्म, हे तुमच्या खिशावर ठरवा. त्याआधी एक प्रसंग लिहा: भाबडा मुलगा, त्याची आई, आणि शेवटच्या शब्दावर एक गैरसमज. दहा अनोळखी माणसांसमोर नटांकडून करून घ्या. शब्द यायच्या आधीच हशा आला, तर नटाने डोळा मारलाय. पुन्हा करायला लावा.