१/३ + १/४ म्हणजे २/७ का नाही?

सहावीतला मुलगा १/३ + १/४ = २/७ लिहितो, छेदांची बेरीज का करायची नाही हे त्याला कसं पटवू, असं तुम्ही विचारलंय. गेल्या वर्षी माझ्या भाचीनं अगदी हेच उत्तर काढलं आणि वर मलाच शिकवलं, "मामा, तीनपैकी एक, चारपैकी एक, मिळून सातपैकी दोन. बरोबर हाय की!"

गोम त्या 'पैकी'त आहे. आम्ही कोल्हापूरचे, म्हणून कुस्तीचंच सांगतो. पैलवानानं खासबागेत तीनपैकी एक कुस्ती मारली, पुढं गावच्या जत्रेत चारपैकी एक, तर सातपैकी दोन मारल्या हे खरंच आहे. तिथं आपण कुस्त्या मोजतोय. तुमच्या गणितात मात्र एकाच भाकरीचा तिसरा हिस्सा आणि चौथा हिस्सा एकत्र करायचाय. इथं छेद म्हणजे तुकडा केवढा ते. केवढा, याची बेरीज होत नाही.

पोराला ओरडू नका, एवढंच विचारा: २/७ मोठा की १/३? १/३ म्हणजे २/६, आणि सहाव्या हिश्श्यापेक्षा सातवा हिस्सा बारीक. म्हणजे ताटात आणखी वाढलं आणि भाकरी घटली! भाची इथं गप्प झाली.

मग चौकटीच्या वहीत तीन ओळी, चार उभे रकाने असा आयत काढला. घरं बारा. एक आडवी ओळ म्हणजे १/३, घरं चार. एक उभा रकाना म्हणजे १/४, घरं तीन. आता सगळे तुकडे सारखे झाले, मोजा बिनधास्त. फक्त दोन्ही रंग एकाच आयतात भरू नका. आम्ही भरले, कोपऱ्यातलं एक घर दोन्हीकडं आलं आणि मोजली तर सहाच! दोन वेगळे आयत काढले तेव्हा कुठं सात भरली.

उत्तर ७/१२ आलं तसं आबांनी कॉटवरूनच विचारलं, "सातबारा कुणाच्या नावावर निघाला?"

आबांचा हिशेब वेगळाच. १९५७ साली नवे पैसे येण्याआधी रुपयाचे १६ आणे, आण्याच्या १२ पै, म्हणजे रुपयाच्या १९२ पै. रुपयाचा तिसरा हिस्सा ६४ पै, चौथा ४८, मिळून ११२, म्हणजे नऊ आणे चार पै. तीन-चारचं भांडण पैत मिटतं. शंभर पैशांना तीननं भागच जात नाही.

हे जमलं की १/६ + ३/८ द्या. छेद गुणून ४८ घेतला तरी चालतं: ८ आणि १८ मिळून २६/४८, दोननं भागून १३/२४. बाई लसावि (लघुतम साधारण विभाज्य) काढायला लावतात, तो इथं २४. त्यात ४ आणि ९, लगेच १३. शेवटचं भागणं वाचतं, एवढंच.